नांगरलेलं आरमार

१२ फेब्रुवारी १७५६. विजयदुर्गाच्या खाडीत, किल्ल्याच्या आडोशाला तुळाजी आंग्रेंचं आरमार नांगरून पडलेलं होतं. गुराबा एकमेकींना बांधलेल्या, शेजारी गलबतं. समोर ॲडमिरल वॉटसनची इंग्रजी जहाजं, जमिनीवरच्या फौजेचा प्रमुख रॉबर्ट क्लाइव्ह, आणि किल्ल्याच्या मागच्या अंगाला पेशव्यांचं सैन्य. दुपार उलटून गेल्यावर एक तोफगोळा ‘रिस्टोरेशन’ नावाच्या जहाजावर पडला. हे जहाज मूळचं इंग्रजांचंच, आंग्रेंनी पकडून आणलेलं. त्याने पेट घेतला, आणि एकाला एक बांधलेली सगळी जहाजं जळाली. दुसऱ्या दिवशी किल्ला इंग्रजांच्या हातात गेला.

म्हणजे कित्येक वर्षांत उभं राहिलेलं आरमार एका संध्याकाळीत संपलं.

मी बॅकएंड इंजिनिअर आहे. त्यामुळे हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा डोक्यात आलेला विचार फार काही देशभक्तीपर नव्हता. मनात आलं, सगळं एकाच ठिकाणी? एकमेकांना बांधून? आमच्याकडे सगळे सर्व्हर एकाच रॅकमध्ये ठेवणाऱ्याला रिव्ह्यूमध्येच अडवतात.

पण हा प्रश्न जितका खोल जावा तितका वेगळा होत जातो. तो जहाजांपाशी थांबत नाही. आमच्या घरी सध्या जो वाद चालू आहे, तिथपर्यंत येतो.

कोण बुडवलं?

आधी नेहमीचा वाद. फेब्रुवारीत शिवजयंतीच्या आसपास, किंवा ४ डिसेंबरला नौदल दिनाला, ऑफिसच्या लंच टेबलावर हा विषय हमखास निघतो. २ सप्टेंबर २०२२ ला कोचीमध्ये आयएनएस विक्रांत नौदलात दाखल झाली आणि नौदलाच्या झेंड्यावर शिवाजी महाराजांच्या मुद्रेवरून घेतलेला अष्टकोन आला, त्या दिवशी तर आमच्या मजल्यावर काम कमी आणि हाच विषय जास्त होता. अर्ध्या तासात गाडी ठरलेल्या वळणावर येते: ‘मराठ्यांचं आरमार इंग्रजांनी नाही, पेशव्यांनी बुडवलं.’ मग दुसरा म्हणतो, तुळाजीच फितूर होता. मग आडनावं मोजली जातात. डबे तसेच राहतात.

माझं गाव विजयदुर्गापासून फार लांब नाही हे कळल्यावर सगळे माझ्याकडे बघतात, जणू मी तिथे हजर होते.

घटना अशा. १७५५ च्या मार्चमध्ये नानासाहेब पेशव्यांच्या वतीने मुंबईकर इंग्रजांशी करार झाला. त्याच एप्रिलात कमोडोर विल्यम जेम्सने सुवर्णदुर्ग घेतला. पुढच्या फेब्रुवारीत विजयदुर्ग. पेशव्यांचे कोकणातले सुभेदार रामाजी महादेव या सगळ्यात पुढे होते. तुळाजी पेशव्यांना जुमानत नव्हता, आसपासच्या मराठी मुलखालाही त्याचा उपद्रव होता, ही पेशव्यांची बाजू. आणि त्याला वठणीवर आणण्यासाठी त्यांनी अशा परक्याला हाताशी धरलं, ज्याला समुद्रावर आपल्याखेरीज दुसरं कोणीच नको होतं, ही दुसरी बाजू. दोन्ही खरं आहे. तुळाजी पेशव्यांच्या छावणीत शरण गेला, आणि त्याचा उरलेला जन्म कैदेत गेला. किल्ला मात्र इंग्रजांनी लगेच सोडला नाही. त्याच वर्षी पुढे नवा करार झाला, त्यात बाणकोट पदरात पडलं, तेव्हा विजयदुर्ग पेशव्यांना मिळाला. किल्ल्यात सापडलेली लूट इंग्रजी आरमार आणि फौजेने आपसांत वाटून घेतली होती.

आणि तेच वॉटसन-क्लाइव्ह तिथून पुढे कुठे गेले? २ जानेवारी १७५७ ला त्यांनी कलकत्ता परत घेतलं. २३ जूनला प्लासी झाली. विजयदुर्गाची खाडी आणि प्लासीचं मैदान यांच्यात जेमतेम सोळा महिन्यांचं अंतर आहे.

‘आरमार त्या दिवशी संपलं’ हेही पूर्ण खरं नाही. विजयदुर्गावर पेशव्यांनी आपलं आरमार ठेवलं, आनंदराव धुळप त्याचे सुभेदार झाले, आणि एप्रिल १७८३ मध्ये धुळपांनी ‘रेंजर’ हे इंग्रजी जहाज पकडलं. म्हणजे जहाजं होती, लढणारी माणसंही होती. तरी काहीतरी गेलं होतं. काय गेलं होतं, हे कळायला आरमार सुरू झालं तिथे जावं लागतं.

सत्तावीस वर्षांचा माणूस आणि समुद्र

१६५७ मध्ये कल्याण-भिवंडी शिवाजी महाराजांच्या हातात आली. १६३० चा जन्म धरला तर ते तेव्हा सत्तावीस वर्षांचे होते. माझ्याएवढे. पाठीशी सह्याद्रीतले किल्ले, घोडा आणि मावळे. समुद्राचा घराण्याला अनुभव नाही. आणि समुद्रावर आधीच तीन-चार मालक बसलेले: गोव्याला, चौलला आणि वसईला पोर्तुगीज, जंजिऱ्याला सिद्दी, सुरतेहून निघणारी मुघलांची जहाजं, आणि वखारींमधून पाय रोवणारे इंग्रज.

सुरुवात कशी केली तर ज्याला येतं त्याच्याकडून शिकून. कल्याणच्या बाजूला जहाजं बांधायला रुई लैतांव व्हिएगस नावाचा पोर्तुगीज कारागीर ठेवला होता. १६५९ मध्ये तो आपल्या माणसांसकट काम सोडून पळाला, कारण पोर्तुगीज सरकारला ही जहाजं कशासाठी आहेत ते कळलं होतं आणि त्यांनी त्याला फितवलं. व्हेंडर अर्ध्यात गेला की काय होतं ते आमच्या क्षेत्रातल्या प्रत्येकाला माहीत आहे. प्रोजेक्ट बंद पडतो, नाहीतर घरची माणसं शिकतात. इथे घरची माणसं शिकली.

सहा वर्षांनी, ८ फेब्रुवारी १६६५ ला महाराज मालवणहून निघाले तेव्हा ८५ लहान लढाऊ जहाजं आणि ३ मोठी जहाजं सोबत होती. हा आकडा इंग्रजांच्याच पत्रातला आहे. ते बसरूरवर गेले. त्याच्या आधी काही आठवडे, २५ नोव्हेंबर १६६४ ला, मालवणच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाचा पाया घातला गेला होता.

मला मात्र यातली सगळ्यात आवडणारी गोष्ट खांदेरीची आहे. १६७९ चा पावसाळा संपता संपता मुंबईच्या तोंडाशी असलेल्या या बेटावर मायनाक भंडारी माणसं घेऊन उतरला आणि तटाचं काम सुरू झालं. इंग्रजांना हे परवडणारं नव्हतं. त्यांनी आधी लहान होड्या पाठवल्या, त्यात त्यांचा लेफ्टनंट थॉर्प मारला गेला. मग ‘रिव्हेंज’सारखी मोठी जहाजं घेऊन कॅप्टन केग्विन आला. १८ ऑक्टोबरला दौलतखानाच्या गलबतांशी मोठी लढाई झाली. इंग्रजांचं ‘डव्ह’ मराठ्यांनी पकडलं, पण ‘रिव्हेंज’ने एकटीने टिच्चून गलबतांना मागे रेटलं. त्या दिवशी कोण जिंकलं यावर वाद घालता येईल. खांदेरी कोणाकडे राहिली यावर नाही. रात्री वल्ही मारत, मोठ्या जहाजांना अडवता येणार नाही अशा उथळ पाण्यातून, लहान गलबतं बेटावर दाणागोटा आणि सामान पोचवत राहिली. १६८० च्या सुरुवातीला इंग्रजांनी समझोता केला आणि निघून गेले.

गलबत म्हणजे साधारण ७० टनांपर्यंतची, चाळीस-पन्नास वल्ह्यांची हलकी होडी. गुराब तिच्याहून मोठी, दोन-तीन डोलकाठ्यांची, नाकाडावर तोफा बसवलेली. इंग्रजी जहाजाच्या कडेला तोफांच्या रांगा असत. त्याच्यासमोर उघड्या समुद्रात आपलं काही चालायचं नाही. पण वारा पडला की ते मोठं जहाज लाकडाच्या ओंडक्यासारखं तरंगत राहतं, आणि वल्ही असलेलं गलबत त्याच्या मागच्या अंगाने येऊ शकतं. खाडी, खडक, भरती-ओहोटी आणि मतलई वारा पाठ असलेल्या माणसासाठीच हे हत्यार आहे. हे आरमार जहाजांच्या आकारावर नाही, माणसांच्या माहितीवर चालत होतं.

फणसाचं झाड आणि ठरलेला पगार

रामचंद्रपंत अमात्यांनी १७१५ च्या सुमारास लिहिलेल्या आज्ञापत्रात आरमारावर एक स्वतंत्र प्रकरण आहे. त्यातला एक भाग शाळेपासून सगळ्यांना ठाऊक असतो: आरमारासाठी रयतेची आंबा-फणसाची झाडं तोडू नयेत, कारण ती लेकरासारखी वाढवलेली असतात. झाड जुनंच झालं असेल तर मालकाला राजी करून, पैसे देऊन न्यावं. देवगडच्या बाजूला वाढलेल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. आमच्याकडे कलमाच्या फांदीवरून भाऊबंदकी होते.

पण त्याच प्रकरणात आणखी एक गोष्ट आहे. तिच्यावर कोणी रील बनवत नाही. अमात्य सांगतात, आरमाराचा खर्च मुलखाच्या उत्पन्नातून नेमून द्यावा. समुद्रावर जे सापडेल त्यावर आरमाराने जगावं अशी व्यवस्था करू नये. कारण मग आरमारातली माणसं पोटासाठी व्यापाऱ्यांना लुटतील, व्यापारी बंदर सोडतील, आणि बंदरं ओस पडतील.

हे वाक्य म्हणजे आरमाराचा खरा पाया आहे असं मला वाटतं. नियमित पगार असलेला खलाशी सैनिक असतो. त्याला ‘तुझं तू बघ’ म्हटलं की त्याच हातांचा, त्याच होडीतला माणूस चाचा होतो.

कान्होजी आंग्रेंच्या काळात हे गणित बऱ्यापैकी जमलं होतं. सरखेल ही त्यांची पदवी. कुलाबा, सुवर्णदुर्ग, विजयदुर्ग त्यांच्याकडे. किनाऱ्यावरून जाणाऱ्या व्यापारी जहाजाने आंग्रेंचं दस्तक घ्यायचं, नाहीतर अडकायचं. ही पद्धत कान्होजींनी शोधलेली नाही. पोर्तुगीज दोनशे वर्षं ‘कार्ताझ’ या नावाने हेच करत होते. त्यांनी केलं तर तो कायदा, कान्होजींनी केलं तर चाचेगिरी. इंग्रजी पुस्तकांत ते ‘आंग्रिया द पायरेट’ म्हणून आले. इंग्रजांनी १७१७ ला विजयदुर्गावर, १७१८ ला खांदेरीवर हल्ला केला. १७२१ ला इंग्रज आणि पोर्तुगीज मिळून कुलाब्यावर आले. १७२४ ला डच विजयदुर्गावर आले. सगळे हात हलवत परत गेले.

४ जुलै १७२९ ला कान्होजी वारले. १७३३ ला त्यांचे मोठे चिरंजीव सेखोजीही गेले, आणि उरलेल्या भावांमध्ये, संभाजी आणि मानाजी यांच्यात, भांडण लागलं. १७३५ मध्ये बाजीरावांनी मधे पडून वाटणी करून दिली: कुलाबा मानाजीकडे, सुवर्णदुर्ग-विजयदुर्ग संभाजीकडे. एका आरमाराची दोन झाली, आणि दोघांचा बराचसा वेळ एकमेकांवर नजर ठेवण्यात जाऊ लागला. संभाजीनंतर त्याचा भाग तुळाजीकडे आला. तुळाजी शूर होता यात शंका नाही. पण पाठीशी मुलखाचा पैसा नाही, पुण्याशी वैर, भावाशी वैर, आणि आरमार पोसायचं तर समुद्रावर जे दिसेल ते धरायचं. अमात्यांनी ज्याची भीती घातली होती, नेमकं तेच.

१७५६ ची आग पडायच्या आधी वीस वर्षं हे सरपण जमत होतं.

मुंबईत काय चाललं होतं?

याच काळात तिकडे दुसरं काही उभं राहत होतं. १७३६ मध्ये लवजी नसरवानजी वाडिया हे पारशी सुतार सुरतेहून मुंबईला आले. १७५० मध्ये मुंबईत सुकी गोदी बांधून झाली. सुकी गोदी म्हणजे जहाज आत घ्यायचं, दार लावायचं, पाणी काढायचं आणि तळ दुरुस्त करायचा. आंग्रेंची गोदीही होती. विजयदुर्गापासून आत, वाघोटनच्या खाडीत गिर्ये गावाजवळ ती आजही दिसते. ओहोटीला चिखल, भरतीला पाणी. मी कॉलेजात असताना तिथे गेले होते. कडेच्या भिंतीवर बसून दोन मुलं गळ टाकत होती.

कारागिरीत आंग्रेंची माणसं कमी नव्हती. फरक काय होता तर मुंबईत लवजी गेल्यावर त्यांचे मुलगे, मग नातू, त्याच गोदीत त्याच कामावर उभे राहिले. गव्हर्नर बदलले, कंपनीचं दिवाळं निघायची वेळ आली, तरी गोदीतलं ज्ञान एका पिढीतून दुसरीत जात राहिलं. जमशेटजी बमनजी वाडियांनी मलबारी सागवानाचं ‘ट्रिंकोमाली’ हे लढाऊ जहाज मुंबईत बांधलं. १२ ऑक्टोबर १८१७ ला ते पाण्यात उतरलं. बरोबर २४ दिवसांनी, ५ नोव्हेंबरला, पुण्यात खडकीची लढाई झाली आणि पेशवाईचा शेवट सुरू झाला. ‘ट्रिंकोमाली’ अजून तरंगतं आहे, इंग्लंडमध्ये हार्टलपूलला. लोक तिकीट काढून बघायला जातात.

विजयदुर्गाची जहाजं जळाली हे नुकसान मोठं होतं, पण ते भरून काढता येण्यासारखं होतं. धुळपांनी ते काही अंशी भरूनही काढलं. भरून न आलेली गोष्ट ही होती: जहाज जळलं तर दुसरं बांधणारी, तांडेल मेला तर दुसरा घडवणारी, आणि सरखेल कोणीही असो खलाशाला महिन्याच्या महिन्याला पैसे देणारी व्यवस्था. एखादा माणूस गेला की सिस्टीम पडत असेल तर ती सिस्टीम नव्हेच, तो माणूस होता. कान्होजी आंग्रे असा माणूस होते.

आमच्या घरचं

आता वादाकडे येते.

आम्ही गाबीत. किनाऱ्यावरच्या कोळी, भंडारी, दालदी, खारवी यांच्यासारखेच समुद्रावर जगणारे. मराठा आरमारात वल्ही आणि शिडं आमच्याच माणसांच्या हातात होती हे आमच्याकडे लहानपणापासून सांगतात. माझं आडनाव कुठल्याही बखरीत नाही. दौलतखान, दर्यासारंग, मायनाक भंडारी अशी मोजकी नावं सोडली तर त्या हजारो माणसांपैकी कोणाचंच नाव नाही. १२ फेब्रुवारीला त्या बांधलेल्या जहाजांवर किती माणसं होती, किती पोहून बाहेर आली, दुसऱ्या दिवशी ती कोणाकडे कामाला गेली, यातलं काहीच लंच टेबलावर येत नाही. तिथे फक्त आडनाव असलेले लोक भांडतात.

बाबा तांडेल होते. सहा वर्षांपूर्वी त्यांनी ट्रॉलर विकला. डिझेल परवडेना, पर्ससीन आणि एलईडी लाइटवाल्यांनी मासळी उरू दिली नाही, आणि खलाशी मिळेनात. आमच्या बंदरात आता कित्येक बोटींवर नेपाळची मुलं काम करतात. हिमालयातून आलेली, समुद्र पहिल्यांदा इथेच बघितलेली. बाबा त्यांच्याबद्दल कधी वाईट बोलत नाहीत. ‘शिकतत बिचारे’, एवढंच म्हणतात. गावातली मुलं मुंबई-पुण्यात डिलिव्हरी करतात, कुरिअरमध्ये आहेत, आणि माझ्यासारखी एखादी हिंजवडीत. आमच्या घरात समुद्र बाबांपाशी संपतो, असं आम्ही धरून चाललो होतो.

मग माझ्या धाकट्या बहिणीने नौदलात अग्निवीर व्हायचा फॉर्म भरला.

आमच्या घरातल्या बायका होडीवर चढलेल्या नाहीत. आईने आयुष्यभर मासळी लिलावात घेतली, बाजारात विकली, हिशेब ठेवला, बाबांच्या वल्ह्याला हळदकुंकू लावलं. समुद्रात पाऊल टाकायचं ते नारळी पौर्णिमेला, गुडघ्यापर्यंत. २०२२ मध्ये अग्निपथ योजना आली आणि नौदलाने खलाशांच्या भरतीत पहिल्यांदाच मुली घेतल्या. ओडिशातल्या आयएनएस चिल्कावर त्यांचं मुलांबरोबर प्रशिक्षण झालं. बहिणीने हे मोबाइलवर बघितलं आणि ठरवलं.

मला वाटलं होतं बाबा ‘मुलीने दर्यावर जायचं नाही’ म्हणतील. तशी तयारी करून मी फोनवर बसले होते, मुद्दे काढून. बाबा त्यावर काहीच बोलले नाहीत. त्यांनी एकच विचारलं.

“चार वर्सां झाल्यावर मगे काय?”

योजना अशी आहे: चार वर्षं सेवा. त्यानंतर जास्तीत जास्त २५ टक्के जणांना कायम ठेवणार. बाकीच्यांना सेवानिधीचे साधारण ११.७१ लाख रुपये आणि निरोप. पेन्शन नाही.

“समुद्र समजूक चार वर्सां लागतत,” बाबा म्हणाले. “समाजलो काय घराक धाडतले?”

मी त्यांना सरकारची बाजू सांगितली. सैन्य तरुण राहावं, पेन्शनचा बोजा कमी व्हावा, बाहेर पडणाऱ्यांकडे शिस्त आणि कौशल्य असेल. त्यांनी ऐकून घेतलं. त्यांना राजकारणाचं काही म्हणायचं नव्हतं. ते तांडेल म्हणून बोलत होते. ज्या पोराला जाळं ओढायला शिकवलं ते दिवाळीनंतर परत येत नाही, हा त्यांचा वीस वर्षांचा अनुभव होता. मी आज्ञापत्राचं ते प्रकरण त्यांना वाचून दाखवलं, नेमून दिलेल्या पगाराचं. ते म्हणाले, ह्या लिवणारो बोटीवर गेलेलो असतलो.

बहिणीचं म्हणणं वेगळं आहे, आणि तेही मला खोडून काढता येत नाही. ती म्हणते, तुझ्या कंपनीत कोण चार वर्षं टिकतं? तू स्वतः पाच वर्षांत तीन कंपन्या बदलल्यास. तुला कोणी विचारलं का, मग काय? आणि बाबांच्या बोटीवर मला कोणी कायमची नोकरी देणार होतं? मला तर पायही ठेवू दिला नसता. या घरात तीनशे वर्षांत पहिल्यांदा एका मुलीला समुद्रावर जायला मिळतंय, तर तुम्ही चौथ्या वर्षाचा हिशेब काढताय.

आता मी मधे आहे. मी नौदलाचा इतिहास वाचते तेव्हा बाबांची बाजू बरोबर वाटते. आजचं भारतीय नौदल म्हणजे आंग्रेंचं आरमार नव्हे, ते एखाद्या माणसावर उभं नाही. त्याच्या गोद्या आहेत, शाळा आहेत, लोणावळ्याला आयएनएस शिवाजी आहे, मुंबईत आयएनएस आंग्रे आहे. तळाला नाव देऊन कान्होजींची आठवण ठेवणं सोपं आहे. त्यांच्या आरमाराला वल्हवणाऱ्या माणसाला शेवटपर्यंत सांभाळणं हा महागातला स्मरणोत्सव आहे, आणि समुद्रावरची सत्ता त्यावरच ठरते. चिल्कावरून निघालेली मुलगी चार वर्षांत इंजिनरूमचा आवाज ओळखायला लागली असेल, तर तो आवाज ओळखणारा कान ही देशाची मालमत्ता आहे. ती अकरा लाखांत परत करण्यासारखी नाही.

आणि तरी मी बहिणीला ‘जाऊ नकोस’ म्हटलेलं नाही. कारण आरमाराला काय हवं आणि एका माणसाला काय हवं, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. पहिल्याचं उत्तर अमात्यांनी लिहून ठेवलं आहे. दुसऱ्याचं उत्तर खलाशाला कधी कोणी विचारलंच नाही, म्हणून ते कुठे लिहिलेलं नाही. तिला विचारलं तर ती सांगते आहे.

फॉर्म भरून झाला, आता परीक्षा आणि मग धावण्याची चाचणी. १.६ किलोमीटर. ती रोज पहाटे पुळणीवर पळते, ओहोटीला, वाळू घट्ट असते तेव्हा. बाबा अजून ‘हो’ म्हणालेले नाहीत. पण भरती-ओहोटीच्या वेळा तिला कोण सांगतं, असं मी परवा आईला विचारलं. आई म्हणाली, आदल्या रात्री जेवताना तेच सांगतात, कोणाकडे न बघता.